वरातीचा रस्ता

अनुसूचित जाती-जमाती अत्याचार प्रतिबंधक कायदा 1989 सालचा. 2015 च्या दुरुस्तीने त्यातल्या गुन्ह्यांची यादी बरीच वाढवली आणि 26 जानेवारी 2016 पासून ती लागू झाली. त्या यादीत एक उपकलम आहे. दलित किंवा आदिवासी माणसाला सार्वजनिक ठिकाणी सायकल किंवा मोटारसायकल चालवू न देणे, पायांत चप्पल घालू न देणे, नवे कपडे घालू न देणे, लग्नाची वरात काढू न देणे, वरातीत घोड्यावर वा दुसऱ्या वाहनावर बसू न देणे हा गुन्हा आहे. देशाच्या संसदेला कायद्यात चप्पल, सायकल आणि नवरदेवाचा घोडा लिहावा लागला. असे तपशील कायद्यात कोणी हौसेने घालत नाही. त्यातल्या एकेका शब्दामागे कुठल्या तरी गावात अडवलेली माणसे आहेत.

हे कलम लागू झाल्यानंतर दोनच वर्षांनी, 2018 च्या उन्हाळ्याआधी, उत्तर प्रदेशातला एक दलित तरुण अलाहाबाद उच्च न्यायालयात गेला. आपली वरात नवरीच्या गावातल्या रस्त्यावरून जाऊ द्यावी आणि त्यासाठी पोलीस बंदोबस्त मिळावा, एवढीच त्याची मागणी होती. कायद्यात शब्दशः लिहिलेली गोष्ट मिळवायला त्याला न्यायालयाचे दार का ठोठावावे लागले, हे कळायला थोडे मागे जावे लागते.

उत्तरेत लग्न बहुधा नवरीच्या गावी लागते. नवरदेव आपले वऱ्हाड घेऊन तिथे पोहोचतो आणि वेशीपासून नवरीच्या दारापर्यंत वाजतगाजत जातो. बँड, दिवे, नाच, घोडा किंवा बग्गी, डोक्याला सेहरा. त्या संध्याकाळी तो राजा असतो आणि सारा गाव दारात, गच्चीवर उभा राहून त्याला पाहतो. ज्याला रोज मान खाली घालून त्या गल्लीतून जावे लागते, त्याने एक दिवस तिथूनच मान वर करून जावे, हे कित्येक गावांना सहन होत नव्हते. ही बंदी कुठल्या दप्तरात नोंदलेली नसे. ती सगळ्यांना ठाऊक असे, आणि तेवढ्यावर ती पिढ्यानपिढ्या चाले.

कधीकधी मात्र ती उघड जाहीरही होई. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी 1936 साली लाहोरच्या जातपात तोडक मंडळासाठी तयार केलेल्या आणि कधीच न झालेल्या भाषणात इंदूरच्या बलाई समाजाची हकीकत दिली आहे. ती 1928 च्या जानेवारीत टाइम्स ऑफ इंडियात छापून आली होती. होळकरांच्या राज्यातल्या कनारिया, बिचोली-हप्सी, बिचोली-मर्दाना आणि आसपासच्या पंधराएक गावांतल्या सवर्णांनी, त्यांत पाटील-पटवारीही आले, बलाईंना नियम घालून दिले. जरीकाठी पगडी बांधायची नाही, रंगीत काठाचे धोतर नेसायचे नाही, बायकांनी सोन्याचांदीचे दागिने घालायचे नाहीत. आणि सवर्णांच्या लग्नात वरातीपुढे वाजंत्री मात्र बलाईंनीच वाजवायची. वरातीतली त्यांची जागा अशी नेमून दिलेली होती.

बलाईंनी नकार दिला. त्यांना विहिरीवर येऊ देईनात, त्यांची गुरे चारू देईनात, सवर्णांच्या जमिनीतून जाणारी वाट बंद झाली. त्यांनी दरबाराकडे अर्ज केले, पण मदत वेळेवर आली नाही. शेकडो बलाई बायकापोरांसह घरेदारे सोडून धार, देवास, भोपाळ, ग्वाल्हेर अशा शेजारच्या संस्थानांत निघून गेले. या साऱ्या हकिकतीत मला सर्वांत महत्त्वाचे वाटतात ते अर्ज. गावाने ज्याला रीत म्हटले त्याला या लोकांनी अन्याय म्हटले, आणि तेही राज्यकर्त्यासमोर, लेखी.

याच सुमारास हिमालयाच्या कुशीत, गढवालमध्ये, लग्नाच्या वाटेवरून मोठी चळवळ उभी राहिली होती. तिथल्या डोंगरी गावांत नवरीला डोल्यात आणि नवरदेवाला पालखीत बसवून नेत. पालख्या बनवणारे सुतार, लोहार आणि इतर कारागीर, म्हणजे आज ज्यांना शिल्पकार म्हणतात तो दलित समाज. त्यांनी घडवलेल्या पालखीत त्यांच्याच मुलामुलींना बसायची बंदी. सवर्णांच्या गावाजवळून जाताना नवरानवरीने खाली उतरायचे आणि पायी चालायचे. जयानंद भारती यांनी ही रीत मोडायचे ठरवले. ते स्वतः शिल्पकार, आर्य समाजी, पहिल्या महायुद्धात फौजेत राहून आलेले. 1932 साली पौडीत गव्हर्नर माल्कम हेली यांच्या दरबारात तिरंगा फडकवून त्यांनी तुरुंगवास पत्करला. त्या धाडसाची आठवण गढवाल अजून ठेवून आहे. पण 1920 च्या दशकापासून त्यांनी चालवलेली डोला-पालखीची चळवळ मला त्याहून अवघड वाटते. गव्हर्नर परका होता आणि दरबार एका दिवसाचा होता. इथे अडवणारे शेजारी होते, आणि लग्न उरकल्यावर त्यांच्याच गावात राहायचे होते.

वराती अडवल्या गेल्या, वऱ्हाडांवर हल्ले झाले, पालख्या मोडल्या. प्रकरणे कोर्टात गेली. 1930 च्या दशकात अलाहाबाद उच्च न्यायालयाने शिल्पकारांचा हक्क मान्य केला, तरी डोंगरातल्या वाटा मोकळ्या झाल्या नाहीत. शेवटी प्रकरण गांधीजींपर्यंत पोहोचले. वैयक्तिक सत्याग्रह सुरू होता आणि गढवालचे काँग्रेस कार्यकर्ते त्यात उतरायला उत्सुक होते. 1941 च्या जानेवारीत गांधीजींनी गढवालपुरती सत्याग्रहाची परवानगीच थांबवली. ज्या भागात दलितांच्या वराती अडवल्या जातात, तिथल्या लोकांनी आधी ते थांबवावे, अशी त्यांची भूमिका होती. सवर्ण पुढाऱ्यांची धावपळ उडाली आणि फेब्रुवारीत लॅन्सडाउन येथे सभा होऊन समेट झाला. न्यायालयाच्या निकालाने जे झाले नव्हते, ते सत्याग्रहाचा मान हातून जाईल या धास्तीने काही काळ तरी झाले.

रस्ता कोणाचा, हा प्रश्न तोवर कायद्याच्या दृष्टीने सुटलेला होता. लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने 1924 साली मंजूर हसन खटल्यात त्याचा निवाडा केला. वाद होता शिया आणि सुन्नी यांच्यातला, मोहरमच्या मिरवणुकीवरून. सार्वजनिक रस्त्यावरून मिरवणूक नेण्याचा हक्क आहे, त्यासाठी पूर्वापार वहिवाट दाखवावी लागत नाही. मर्यादा एवढीच की वाहतुकीचे नियम, मॅजिस्ट्रेटचे आदेश आणि इतरांचा तेवढाच हक्क पाळला पाहिजे, असे कौन्सिलने सांगितले. मुंबई उच्च न्यायालयाने याआधी घेतलेली आखडती भूमिका या निकालाने मागे पडली. वहिवाट दाखवावी लागत नाही हा मुद्दा ध्यानात ठेवावा. 94 वर्षांनी एका जिल्हा प्रशासनाने नेमकी तीच मागितली.

राज्यघटनेने सतराव्या अनुच्छेदाने अस्पृश्यता संपवली आणि पंधराव्या अनुच्छेदाने रस्ते, विहिरी, घाट सर्वांना मोकळे केले. 1955 च्या कायद्याने अस्पृश्यता पाळणे गुन्हा ठरले. पुढे त्याचे नागरी हक्क संरक्षण कायदा असे नामांतर झाले आणि सामाजिक मिरवणूक काढू न देणेही त्यात आले. एवढे सगळे होऊन 9 मे 1980 ला अल्मोडा जिल्ह्यातल्या कफल्टा गावातून एक दलित वरात निघाली होती. नवरदेव पालखीत होता. गावातल्या देवळाचे निमित्त करून त्याला खाली उतरायला सांगण्यात आले. त्याने ऐकले नाही. बाचाबाचीतून मारामारी झाली, सुट्टीवर आलेला एक सवर्ण फौजी तीत मेला, आणि मग गाव वऱ्हाडावर तुटून पडला. काहींनी एका घरात आसरा घेतला. ते घर पेटवून दिले. बाकीच्यांना पाठलाग करून मारले. 14 दलित मेले. खालच्या न्यायालयात आणि उच्च न्यायालयात आरोपी सुटले. सर्वोच्च न्यायालयाने 16 जणांना जन्मठेप दिली ती 1997 साली. लग्नाला गेलेल्या माणसांना न्याय मिळायला 17 वर्षे लागली.

कफल्ट्याच्या वाटेवर पोलीस नव्हते. पोलीस असते तर काय झाले असते, याचे उत्तर दहा वर्षांनी आग्र्याजवळच्या पनवारी गावात मिळाले. 21 जून 1990 ला तिथे एका दलित जाटव मुलीचे लग्न होते. गावातल्या जाटांनी वरात अडवली. दुसऱ्या दिवशी पोलिसांच्या पहाऱ्यात ती नेण्याचा प्रयत्न झाला तेव्हा हजारोंचा जमाव समोर उभा राहिला. लाठ्या चालल्या, गोळीबार झाला, दंगल आसपासच्या गावांत आणि आग्रा शहरात पसरली, संचारबंदी लागली. त्या दंगलीतल्या एका खटल्यात आरोपींना शिक्षा झाली ती मे 2025 मध्ये. इतकी माणसे जमेपर्यंत प्रशासन गाफील होते, असे मला वाटत नाही. पण बंदोबस्त म्हणजे ऐनवेळी वरातीसोबत चालणारी शिपायांची रांग, एवढाच त्याचा अर्थ त्यांनी घेतला. अडवणारे कोण, हे आधीपासून साऱ्या गावाला माहीत असते. त्यांच्यावर आधी कारवाई झाली नाही, की रांग कितीही मोठी असली तरी तोकडी पडते.

मे 2015 मध्ये मध्य प्रदेशातल्या रतलाम जिल्ह्यात एका दलित नवरदेवाच्या वरातीवर दगडफेक झाली. पोलीस हजर होते. त्यांनी नवरदेवाला हेल्मेट दिले. सेहऱ्याच्या जागी हेल्मेट घालून घोड्यावर बसलेल्या त्या तरुणाचे छायाचित्र देशभर छापून आले. त्याच वर्षाच्या शेवटी संसदेने ते कलम मंजूर केले.

आता निजामपूर. उत्तर प्रदेशातल्या कासगंज जिल्ह्यातले हे ठाकूरबहुल गाव. जाटवांची घरे मोजकी आणि गावाच्या एका टोकाला. तिथल्या मुलीचे लग्न हाथरस जिल्ह्यातल्या एका जाटव तरुणाशी ठरले. 20 एप्रिल 2018 ही तारीख धरली होती. नवरदेव कायद्याचा विद्यार्थी. आपली वरात गावाच्या मुख्य रस्त्याने, ठाकूरांच्या वस्तीतून जावी, अशी त्याची इच्छा होती. सासरच्या मंडळींनी सांगितले की इथे जाटवांची वरात तिकडून कधी जात नाही. ती कडेच्या वाटेने थेट घरी येते. ठाकूरांचेही म्हणणे तेच. वरातीला आमची हरकत नाही, पण आजवर गेली तशीच जाऊ द्या.

कायदा शिकणाऱ्या मुलाने मग कायद्याने जे जे करता येते ते केले. पोलीस ठाणे, जिल्हाधिकारी, मुख्यमंत्र्यांचे तक्रार पोर्टल, सगळीकडे त्याने अर्ज धाडले. चौकशी झाली. त्या मार्गाने वरात नेण्याची परंपरा नाही आणि नेल्यास शांतता भंग होण्याची शक्यता आहे, असे स्थानिक पोलिसांनी लेखी कळवले.

हे उत्तर वाचून संताप येतो, आणि तो आलाच पाहिजे. परंपरा नाही हे खरेच होते; ती नव्हती कारण ती होऊ दिली नव्हती. ज्या बंदीला कायद्याने गुन्हा म्हटले होते, तिचाच पुरावा देऊन सरकारी यंत्रणा परवानगी नाकारत होती. शांतता भंग करण्याची धमकी ज्यांच्याकडून होती, त्यांच्याबद्दल त्या उत्तरात अवाक्षर नाही. पण त्याच उत्तराने नकळत एक मोठे कामही केले. पिढ्यानपिढ्या फक्त माहीत असलेली, कुठेही न लिहिलेली गोष्ट आता शासनाच्या कागदावर आली. निजामपुरात दलितांची वरात मुख्य रस्त्याने जात नाही, हे सरकारने स्वतःच लिहून दिले. अर्ज केल्याने लगेच काही पदरात पडले नाही तरी एवढे होतेच, आणि एकदा कागद झाला की त्यावर दाद मागता येते.

तो उच्च न्यायालयात गेला. न्यायालयाने याचिका फेटाळली. कोणी जबरदस्ती केली, बळ वापरले, त्रास दिला तर पोलिसांत गुन्हा नोंदवा किंवा मॅजिस्ट्रेटकडे जा, असे त्याला सांगण्यात आले. कायद्याच्या काटेकोर नजरेने पाहिले तर ही सूचना चूक नाही. पण ज्या पोलिसांनी परंपरा नाही असा शेरा मारला होता, त्यांच्याच दारात त्याला परत पाठवले गेले. 2018 च्याच मार्चच्या 27 तारखेला सर्वोच्च न्यायालयाने शक्ती वाहिनी खटल्यात खाप पंचायतींपासून जोडप्यांना वाचवण्यासाठी पोलिसांनी आधीच पावले उचलावीत, असे राज्यांना बजावले होते. गुन्हा घडल्यावर या, असे तिथे सांगितले नव्हते.

ते दिवसही साधे नव्हते. 20 मार्च 2018 ला सर्वोच्च न्यायालयाने अत्याचार प्रतिबंधक कायद्याखाली थेट अटक करण्यावर बंधने घातली होती. मूळ प्रकरण आपल्याकडचे, कराडच्या सरकारी औषधनिर्माणशास्त्र महाविद्यालयातले. त्याविरुद्ध 2 एप्रिलला दलित संघटनांनी भारत बंद पुकारला, उत्तर भारतात हिंसाचार झाला, अनेकांचे जीव गेले. ज्या कायद्यात वरातीचा हक्क लिहिला होता तोच पातळ केला जातोय, अशी भावना पसरलेली होती. अशा वेळी एका नवरदेवाची वरात हा जिल्ह्याचा, मग राज्याचा आणि पुढे साऱ्या देशाच्या वर्तमानपत्रांचा विषय झाला. मला वाटते, प्रशासनाने मागे सरकण्याचे खरे कारण हेच.

एप्रिलच्या पहिल्या पंधरवड्यात जिल्हाधिकाऱ्यांनी दोन्ही बाजूंना समोरासमोर बसवले. ठाकूर वस्तीचा काही भाग घेणारा रस्ता ठरला, सह्या झाल्या. नवरदेवाने मागितलेला संपूर्ण मार्ग तो नव्हता, पण कडेची वाटही राहिली नाही. मग नवीच अडचण निघाली. शाळेच्या दाखल्याप्रमाणे मुलीला 18 पूर्ण व्हायला अजून काही आठवडे बाकी होते. हरकत कोणत्या हेतूने घेतली गेली याची चर्चा खूप झाली. पण कायदा मुलीच्या बाजूचा आहे आणि तो पाळायलाच हवा होता. स्वतः कायद्याचा आधार मागणाऱ्या माणसाला इथे अपवाद मागता येत नव्हता. लग्न पुढे ढकलले.

15 जुलै 2018 ला वरात निघाली. दीडशेहून अधिक पोलीस, सोबत सशस्त्र दलाचे जवान, वरिष्ठ अधिकारी आणि वार्ताहरांचे कॅमेरे. नवरदेव बग्गीत. पुढे डीजे, त्यावर नाचणारी मुले. ठरलेल्या रस्त्याने वरात नवरीच्या दारात पोहोचली आणि कोणालाही इजा झाली नाही. पनवारीनंतर 28 वर्षांनी, त्याच टापूत, जाटवांची वरात पोलिसांच्या पहाऱ्यात सुखरूप गेली. हा विजय होता आणि तो लहान नव्हता. काहीशे मीटर चालण्यासाठी एका कुटुंबाने कित्येक महिने कचेऱ्यांच्या पायऱ्या झिजवल्या होत्या.

पण हिशोब अर्धाच मिटला. वरात रोखू म्हणणाऱ्यांशी समेट झाला, म्हणजे त्यांच्या संमतीने हक्क मिळाला. 2015 च्याच दुरुस्तीतले कलम 4 सांगते की कर्तव्यात हेतुपुरस्सर कुचराई करणाऱ्या सरकारी नोकरालाही शिक्षा व्हावी. परंपरा नाही असा शेरा मारणे कुचराईत बसते का, हा प्रश्न निजामपुरात कोणी लावून धरला नाही. लग्न लागले होते, मुलगी सासरी गेली होती, तिच्या माहेरच्यांना त्याच गावात राहायचे होते. त्यांच्याकडून आणखी एका लढाईची अपेक्षा करणे अन्यायाचे होईल. ते काम सरकारचे होते.

पुढच्या वर्षांत कायदा सावरला. ऑगस्ट 2018 मध्ये संसदेने दुरुस्ती करून अटकेवरची बंधने काढली, ऑक्टोबर 2019 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आपले निर्देश मागे घेतले आणि फेब्रुवारी 2020 मध्ये ती दुरुस्ती वैध ठरवली. काही ठिकाणी प्रशासनाची रीतही बदलली. राजस्थानातल्या बुंदी जिल्ह्यात पोलिसांनी 'ऑपरेशन समानता' सुरू केले. जिथे दलित नवरदेवांना घोड्यावरून उतरवल्याचा इतिहास आहे, अशी गावे आधीच हेरायची आणि तिथल्या लोकांशी लग्नाआधीच बोलायचे. जानेवारी 2022 मध्ये चडी गावात एक दलित नवरदेव अशा तयारीनिशी घोड्यावर बसून गेला. पनवारीत जे केले नव्हते ते इथे केले गेले, म्हणून या प्रयोगाचे मोल मला मोठे वाटते.

गुजरातेत अजून अर्जच करावा लागतो. बनासकांठा जिल्ह्यातल्या गाडलवाडा गावातल्या एका दलित वकिलाने फेब्रुवारी 2025 मधल्या आपल्या लग्नाआधी जिल्हा पोलीस अधीक्षकांना पत्र लिहिले. आमच्या गावात दलितांनी कधी घोड्यावरून वरात काढलेली नाही, मी काढणारा पहिला असेन आणि काही विपरीत घडण्याची भीती आहे, असा त्याचा आशय होता. निजामपुरात पोलिसांनी नकारासाठी वापरलेली गोष्ट इथे नवरदेवाने स्वतःच आपल्या मागणीचे कारण म्हणून मांडली, आणि ती मान्य झाली. 6 फेब्रुवारीला 145 पोलिसांच्या बंदोबस्तात तो घोड्यावरून गेला. वरात पार पडली. पण घोड्यावरून उतरून तो मोटारीत बसला तेव्हा कोणी तरी गाडीवर दगड मारला. पोलीस निरीक्षकाने स्वतः गाडी चालवत त्याला मांडवापर्यंत पोहोचवले. लग्न उरकल्यावर दगडफेकीची रीतसर तक्रार देणार असल्याचे त्या वकिलाने वार्ताहरांना सांगितले.